कॅन्सर, हार्मोन, इन्फेक्शन आणि पेशंटची काळजी : नवीन रिसर्चबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आईच्या आतड्याच्या कॅन्सरची किमो चालू होती तेव्हा घरच्या ग्रुपवर दर दोन दिवसाआड कुणीतरी बातमी टाकायचं, "कॅन्सरवर जालीम औषध सापडलं". काका तर अगदी मनापासून पाठवायचे, आणि आई ती वाचून मला विचारायची, मग मला का नाही देत हे. उत्तर देता येईना म्हणून मी बातमीमागचा मूळ पेपर शोधून वाचायला लागले आणि ती सवय पुढे राहिलीच. मी डॉक्टर नाहीये, त्यामुळे इथलं वाचून कुणी गोळी सुरू किंवा बंद करू नका, फक्त डॉक्टरांना काय विचारायचं ते इथून घेऊन जा. जे प्रश्न लोक मला पुन्हा पुन्हा विचारतात तेच खाली घेतलेत.

२०२२ मधे कॅन्सर १०० टक्के बरा करणारं औषध आलं होतं ना, त्याचं पुढे काय झालं?

बातमी खरी होती, अर्धीच पोचली. औषधाचं नाव डोस्टार्लिमॅब, ट्रायल न्यूयॉर्कच्या मेमोरियल स्लोन केटरिंग कॅन्सर सेंटरची. गुदाशयाचा कॅन्सर असलेल्या पहिल्या १२ पेशंटना दर तीन आठवड्यांनी असं सहा महिने औषध दिलं आणि बाराही जणांची गाठ तपासणीत दिसेनाशी झाली, ऑपरेशन नाही, रेडिएशन नाही. गुदाशयाच्या ऑपरेशननंतर कित्येकांना पोटावर पिशवी लावून जगावं लागतं, ते टळणं ही केवढी मोठी गोष्ट आहे हे घरात असा पेशंट असलेल्यालाच कळेल.

आता राहिलेला अर्धा भाग. ते सगळे पेशंट एका खास प्रकारचे होते. आपली पेशी विभागते तेव्हा डीएनएची नक्कल होते, नकलेत चुका होतात, आणि त्या दुरुस्त करणारी एक यंत्रणा पेशीत असते जिला मिसमॅच रिपेअर म्हणतात. काही गाठींमधे ही यंत्रणाच बिघडलेली असते, चुका साठत जातात, गाठ इतकी वेगळी दिसायला लागते की शरीराची प्रतिकारशक्ती तिला परकी म्हणून ओळखू शकते, फक्त तिच्यावरचा ब्रेक काढायला हवा आणि हे औषध नेमका तोच ब्रेक काढतं. गुदाशयाच्या कॅन्सरमधे अशा गाठी साधारण ५ ते १० टक्केच. बाकीच्यांना या औषधाचा असा उपयोग होत नाही.

२०२५ मधे त्याच टीमचा मोठा रिझल्ट आला. उपचार पूर्ण केलेल्या गुदाशयाच्या ४९ पेशंटपैकी ४९ जणांची गाठ गेली, आणि तीच बिघाडाची खूण असलेल्या पण दुसऱ्या अवयवांतल्या कॅन्सरमधे ५४ पैकी ३५ जणांची. म्हणजे औषध जोरदार आहे, पण १०० टक्के हा आकडा एका अवयवाचा आणि एका प्रकारचा आहे.

आईच्या बायॉप्सी रिपोर्टच्या दुसऱ्या पानावर खाली बारीक अक्षरात एक ओळ होती, एमएमआर प्रोफिशियंट. दुरुस्ती यंत्रणा शाबूत आहे एवढाच त्याचा अर्थ, आणि म्हणून हे औषध तिच्यासाठी नव्हतं. ती ओळ मी तिला बोट ठेवून दाखवली तेव्हा ती म्हणाली, एवढंच होतं तर आधी कुणी सांगितलं का नाही. आतड्याचा, गुदाशयाचा किंवा गर्भाशयाच्या अस्तराचा कॅन्सर असेल तर एमएमआर किंवा एमएसआय टेस्ट (दोन्ही हाच बिघाड शोधतात) झालीय का हे नक्की विचारा.

इम्युनोथेरपी म्हणजे किमोच का? आणि तिला साईड इफेक्ट नसतात हे खरंय का?

दोन्ही नाही. किमो भराभर वाढणाऱ्या पेशी मारते, मग त्यात केसांच्या मुळाच्या, तोंडाच्या आतल्या अस्तराच्या पेशीही जातात. इम्युनोथेरपीची ही औषधं गाठीला थेट हात लावत नाहीत, ती प्रतिकारशक्तीचे ब्रेक सोडतात. हे ब्रेक शोधून काढणारे जेम्स ॲलिसन आणि तासुकू होंजो यांना २०१८ चं नोबेल मिळालं.

पण ब्रेक सुटलेली प्रतिकारशक्ती कधीकधी आपल्याच अवयवांवर घसरते आणि त्यात हार्मोनच्या ग्रंथी बऱ्याचदा सापडतात. थायरॉइड आधी जास्त आणि मग कमी चालायला लागतं, मेंदूखालच्या पिट्यूटरी ग्रंथीला सूज येते, मूत्रपिंडांवरच्या ॲड्रिनल ग्रंथी कॉर्टिसॉल हे बीपी आणि ताकद टिकवणारं हार्मोन बनवेनाशा होतात, क्वचित एकदम टाइप १ डायबेटीस होतो. आणि हे औषध बंद केल्यावर काही महिन्यांनीही होऊ शकतं. म्हणून अशा पेशंटला खूप थकवा, चक्कर, उलट्या, बीपी उतरणं असं काही व्हायला लागलं तर "कॅन्सर आहे, थकवा येणारच" म्हणून सोडून देऊ नका. थायरॉइड आणि कॉर्टिसॉल बघायला सांगा, कारण कॉर्टिसॉल संपलेला पेशंट काही तासांत गंभीर होऊ शकतो आणि वेळेत कळलं तर त्यावर साधी, जुनी, हमखास औषधं आहेत. कॅन्सरचा पेशंट हार्मोनवाल्या डॉक्टरकडे का पाठवलाय असा प्रश्न नातेवाईकांना पडतो, त्याचं उत्तर हे.

कार-टी म्हणजे काय?

पेशंटच्याच रक्तातल्या टी पेशी, म्हणजे प्रतिकारशक्तीच्या पांढऱ्या पेशी काढून, त्यांच्यात कॅन्सर ओळखायचा जीन घालून, वाढवून परत शरीरात सोडायच्या. एमिली व्हाइटहेड ही २०१२ मधे असे उपचार घेणारी पहिली लहान मुलगी, रक्ताचा कॅन्सर होता, पुढे ती कॅन्सरमुक्त राहिली. अमेरिकेत पहिली मान्यता २०१७ ला. आजही याचा खरा जोर रक्ताच्या कॅन्सरमधेच आहे, घट्ट गाठींमधे अजून झगडणं चालूय.

एचपीव्हीची लस खरंच कॅन्सर थांबवते की फक्त इन्फेक्शन?

एचपीव्ही हा शारीरिक संबंधातून पसरणारा व्हायरस. त्याचं इन्फेक्शन थांबलं की गर्भाशयमुखाचा कॅन्सरही थांबतो, हे आता लाखो मुलींच्या नोंदींवरून दिसलंय. हा व्हायरस आणि हा कॅन्सर यांचं नातं हाराल्ड झुर हाउझेन यांनी दाखवलं, २००८ चं नोबेल त्यासाठीच. स्वीडनमधे सुमारे १७ लाख मुली आणि बायकांच्या नोंदी तपासल्या, २०२० ला रिझल्ट आला, ज्यांनी १७ वर्षांच्या आत लस घेतली त्यांच्यात हा कॅन्सर ८८ टक्के कमी, आणि ज्यांनी १७ नंतर घेतली त्यांच्यात ५३ टक्के कमी. इंग्लंडमधे १२-१३ व्या वर्षी घेतलेल्यांत ८७ टक्के कमी. मला या आकड्यांतलं वयच सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. लस व्हायरस यायच्या आधी द्यायची असते, आधीच झालेलं इन्फेक्शन ती घालवत नाही, म्हणून "लग्न ठरलं की बघू" हे शंभर टक्के चुकीचं गणित आहे.

२०२२ पासून जागतिक आरोग्य संघटना म्हणते की ९ ते २० वयात एक डोस पण चालेल. लस घेतली तरी तिशीनंतरची तपासणी सोडायची नाही, कारण लशीत एचपीव्हीचे सगळे प्रकार नसतात.

बातमीत "धोका २० टक्क्यांनी घटला" असं असतं, म्हणजे शंभरातले वीस वाचले का?

नाही, आणि हा प्रश्न जितके जण विचारतील तितकं चांगलं. उदाहरण घेऊ. सेमाग्लुटाइड हे वजनाचं इंजेक्शन, २०२३ ला त्याची सिलेक्ट नावाची ट्रायल आली, १७,६०४ माणसं, सगळ्यांना आधीपासून हार्टचा किंवा रक्तवाहिन्यांचा त्रास, वजन जास्त, पण डायबेटीस नाही. हार्ट अटॅक, स्ट्रोक किंवा हार्टमुळे मृत्यू, यातलं काहीतरी औषध नसलेलं नुसतं इंजेक्शन घेणाऱ्यांत १०० पैकी ८ जणांना झालं आणि औषध घेणाऱ्यांत साडेसहा जणांना. आठावरून साडेसहा म्हणजे जवळपास २० टक्के घट, बरोबर आहे, पण माणसं मोजली तर शंभरामागे दीड. दीड माणूस म्हणजे काही थोडं नाही हां, ज्या घरातला तो माणूस आहे त्या घराला विचारा. फक्त बातमी वाचताना "आधी किती होतं आणि आता किती" हे दोन आकडे सापडेपर्यंत मत बनवू नका, आणि बातमीत ते नसतील तर ती अर्धवट आहे असं समजा.

ही वजनाची इंजेक्शनं बंद केली तर?

वजन परत येतं, बहुतेकांचं. २०२१ च्या ट्रायलमधे ६८ आठवड्यांत सरासरी १४.९ टक्के वजन उतरलं होतं, नंतर औषध बंद केल्यावर वर्षभरात उतरलेल्यापैकी दोन तृतीयांश परत चढलं. यात पेशंटचा आळशीपणा काढू नका प्लीज. हे औषध जीएलपी-१ नावाच्या आपल्याच आतड्यातल्या हार्मोनची नक्कल आहे, ते भूक कमी करतं, औषध थांबलं की भूक परत जागेवर येते. बीपीची गोळी बंद केल्यावर बीपी वाढलं तर आपण पेशंटला दोष देतो का? सुरू करायच्या आधीच डॉक्टरांना विचारा की किती दिवस घ्यायचंय, बंद करायचं झालं तर कसं, आणि सोबत स्नायू टिकवायला व्यायाम काय करायचा.

टाइप २ डायबेटीस खरंच परत फिरतो का?

काही जणांचा, काही काळ. ब्रिटनमधल्या डायरेक्ट ट्रायलमधे ३०६ माणसं होती, सगळ्यांना डायबेटीस होऊन सहा वर्षांच्या आतली. निम्म्यांना तीन ते पाच महिने दिवसाला साधारण ८५० कॅलरीचं पातळ जेवण दिलं, सगळं देखरेखीखाली. वर्षाने त्यांच्यातल्या ४६ टक्के जणांची शुगर औषधाशिवाय डायबेटीसच्या रेषेखाली होती, दुसऱ्या गटात फक्त ४ टक्के. दोन वर्षांनी ४६ चे ३६ झाले. ज्यांनी १५ किलो किंवा जास्त घटवलं त्यांना सगळ्यात जास्त फायदा. याला रेमिशन म्हणतात, बरा झाला म्हणत नाहीत, कारण वजन परत आलं की शुगरही येते. इन्सुलिन घेणाऱ्यांनी हे घरच्या घरी अजिबात करू नये, शुगर एकदम खाली जाते.

सोनोग्राफीत थायरॉइडमधे छोटी गाठ दिसलीय, काढून टाकायची का?

घाबरू नका आणि घाईही करू नका. दक्षिण कोरियात थायरॉइडची सोनोग्राफी सरसकट व्हायला लागली तर २०११ पर्यंत थायरॉइड कॅन्सरचं निदान १९९३ च्या १५ पट झालं, आणि मृत्यूंचा आकडा मात्र होता तिथेच. म्हणजे ज्या गाठींनी आयुष्यभर काहीच केलं नसतं त्या शोधून शोधून काढल्या, आणि त्या माणसांच्या वाट्याला रोजची गोळी आली, काहींचा आवाज बिघडला, काहींचं कॅल्शियम कमी झालं. जपानमधे कोबेच्या कुमा हॉस्पिटलने १९९३ पासूनच दुसरा रस्ता धरला होता, एक सेंटीमीटरपर्यंतच्या कमी धोक्याच्या पॅपिलरी (थायरॉइड कॅन्सरचा नेहमी दिसणारा प्रकार) कॅन्सरवर नुसती नियमित नजर ठेवायची. त्यांचा अनुभव चांगला आला आणि आता हा मान्य पर्याय आहे. सगळ्या गाठींना हे लागू नाही, गाठ कुठे आहे, श्वासनलिकेला किंवा आवाजाच्या नसेला चिकटलीय का, मानेत गुठळ्या आहेत का यावर ठरतं. पण "नुसतं लक्ष ठेवलं तर चालेल का" हे विचारायचा तुम्हाला हक्क आहे.

टीएसएच (थायरॉइडला कामाला लावणारं हार्मोन) थोडंसंच वाढलंय आणि वय ६५ च्या वर आहे, गोळी लागेलच का?

लागेलच असं नाही. २०१७ च्या ट्रस्ट ट्रायलमधे अशा ७३७ जणांपैकी निम्म्यांना लेव्होथायरॉक्सिन ही थायरॉइडची गोळी दिली, निम्म्यांना नुसती साखरेसारखी गोळी, आणि वर्षभराने थकवा किंवा इतर त्रासात काही फरक दिसला नाही. ज्यांची गोळी आधीपासून चालू आहे त्यांनी मनाने बंद करू नये. आणि गोळी घेणाऱ्यांसाठी एक छोटी गोष्ट, कॅल्शियम आणि लोहाच्या गोळ्या चार तासांच्या अंतराने घ्या. केसांसाठी बायोटिन घेत असाल तर टेस्टच्या आधी लॅबला आणि डॉक्टरांना सांगा, त्याने थायरॉइडचा रिपोर्टच चुकीचा येऊ शकतो.

अँटिबायोटिकचा कोर्स पूर्ण करा म्हणतात, आणि नवीन रिसर्च म्हणतो कमी दिवस पुरतात. नक्की काय?

दोन्ही खरं आहे, फक्त दिवस कुणी ठरवायचे हा मुद्दा आहे. रक्तात बॅक्टेरिया सापडले की किती दिवस अँटिबायोटिक द्यायचं हे वर्षानुवर्षं बरंचसं रिवाजाने ठरत आलंय. बॅलन्स ट्रायलने ते मोजलं, सात देशांतली ७४ हॉस्पिटलं, ३,६०८ पेशंट, निम्म्यांना ७ दिवस, निम्म्यांना १४. ९० दिवसांत मृत्यू ७ दिवसवाल्यांत १४.५ टक्के, १४ दिवसवाल्यांत १६.१ टक्के, म्हणजे कमी दिवसांनी नुकसान झालं नाही. पण त्यात स्टॅफ ऑरियस नावाचा बॅक्टेरिया असलेले आणि प्रतिकारशक्ती फार कमी झालेले पेशंट घेतलेच नव्हते, त्यामुळे किमोवाल्यांनी हा आकडा स्वतःला लावू नये. आणि डॉक्टरांनी सात दिवस लिहिले असतील तर तिसऱ्या दिवशी बरं वाटलं म्हणून उरलेल्या गोळ्या डब्यात ठेवून पुढच्या सर्दीला काढायच्या, याला या रिसर्चचा काडीचाही आधार नाहीये. सर्दी व्हायरसची, तिथे अँटिबायोटिकचं काही कामच नाही. २०१९ या एका वर्षात औषधांना दाद न देणाऱ्या बॅक्टेरियांमुळे जगात थेट सुमारे १२ लाख ७० हजार माणसं गेली.

टीबीचं वेगळं आहे. तिथे मधेच सोडणं फार धोक्याचं. पण चांगली बातमी अशी की रिफाम्पिसिन या टीबीच्या मुख्य औषधाला दाद न देणाऱ्या टीबीसाठी पूर्वी दीड-पावणेदोन वर्षंही औषधं चालायची, ती आता चार औषधांच्या कोर्सने सहा महिन्यांवर आलीत, जागतिक आरोग्य संघटनेने २०२२ ला ते मान्य केलं.

एचआयव्हीचं वर्षातून दोनदा घ्यायचं इंजेक्शन म्हणजे लस आहे का?

लस नाही, व्हायरसला रोखून धरणारं औषध आहे, लेनाकापाविर. दक्षिण आफ्रिका आणि युगांडातल्या ट्रायलमधे ते घेणाऱ्या २,१३४ मुली आणि तरुणींपैकी एकीलाही एचआयव्ही झाला नाही. असा शून्य फार क्वचित बघायला मिळतो. २०२५ ला अमेरिकेत मान्यता मिळाली. आता ते गरजू बायकांपर्यंत पोचणं हेच खरं काम राहिलंय.

किमो चालू असताना ताप आला तर सकाळपर्यंत थांबायचं का?

नाही. अजिबात नाही. हे एकच उत्तर लक्षात राहिलं तरी बास. किमोनंतर साधारण ७ ते १४ दिवसांत पांढऱ्या पेशी तळाला जातात, त्या वेळी ३८ अंश सेल्सिअस म्हणजे १००.४ फॅरनहाइट ताप ही इमर्जन्सी असते, अँटिबायोटिक शक्यतो हॉस्पिटलला पोचल्यापासून तासाभरात चालू व्हायला लागतं. पॅरासिटामॉल देऊन बघू असं करू नका, ताप झाकला जातो आणि आतलं इन्फेक्शन वाढत राहतं. आमच्याकडे एका रात्री पावणेबाराला थर्मामीटर १००.६ दाखवत होता, आई म्हणत होती झोपू दे गं मला, आणि मी वॉर्डला फोन केला तर पलीकडून उत्तर आलं की सकाळी ओपीडीत या. मी ऐकलं नाही, घेऊन गेले. पांढऱ्या पेशी अगदी तळाला होत्या. त्या दिवसापासून मी सांगते, किमोच्या पहिल्याच दिवशी "रात्री ताप आला तर कुठला नंबर, कोण उचलणार" हे लिहून घ्या आणि ते फ्रिजवर चिकटवा.

औषधं सोडून पेशंटच्या काळजीवर पण रिसर्च होतो का?

होतो, आणि माझ्या मते सगळ्यात कमी बातमी याचीच होते. तीन सांगते.

पहिला २०१७ चा. पसरलेल्या कॅन्सरची किमो घेणारे ७६६ पेशंट. एका गटाने दुखणं, मळमळ, धाप, भूक अशा १२ त्रासांबद्दल टॅब्लेट किंवा कॉम्प्युटरवर नियमित नोंदी केल्या, त्रास वाढला की नर्सला लगेच मेसेज जायचा. दुसऱ्या गटाचं नेहमीसारखं, भेट होईल तेव्हा सांगा. नोंदी करणाऱ्यांचं मध्य आयुर्मान (निम्मे पेशंट ज्यापेक्षा जास्त जगले तो काळ) ३१.२ महिने, दुसऱ्यांचं २६. पाच महिने, आणि नवीन औषध कुठलंच नाही! हे वाचल्यावर मी शंभर पानी वही आणली. तारीख, ताप, किती वेळा शौचाला, किती खाल्लं, मुंग्या कुठपर्यंत. आईच्या एका औषधाने थंड वस्तूला हात लागला की बोटांना झिणझिण्या यायच्या, सुरुवातीला दोन दिवसांत जायच्या, पाचव्या सायकलनंतर वहीत दिसलं की नऊ दिवस झाले तरी गेल्याच नाहीयेत, शर्टाची बटणं लागत नाहीयेत. तिने डॉक्टरांना "बरंय सगळं" असंच सांगितलं असतं. वही पुढे केली आणि डोस कमी झाला.

दुसरा २०१० चा. फुप्फुसाचा पसरलेला कॅन्सर, १५१ पेशंट, निम्म्यांना निदान झाल्याझाल्याच पॅलिएटिव्ह केअरची, म्हणजे दुखणं आणि इतर त्रास कमी करणारी टीम जोडून दिली. त्यांचं मन जास्त चांगलं राहिलं, शेवटी शेवटी जालीम उपचार कमी घेतले, आणि तरी मध्य आयुर्मान ११.६ महिने विरुद्ध ८.९. पॅलिएटिव्ह म्हणजे हात टेकले असा अर्थ आपण लावतो आणि त्यापायी माणसं महिनोन्‌महिने दुखणं सोसत राहतात, याचं मला फार वाईट वाटतं.

तिसरा २०२५ चा, चॅलेंज ट्रायल. आतड्याच्या कॅन्सरचं ऑपरेशन आणि किमो झालेले ८८९ पेशंट, एका गटाला तीन वर्षं ट्रेनरसोबत ठरवून व्यायाम, म्हणजे आठवड्यातून तीन-चार वेळा पाऊण ते एक तास भरभर चालण्याएवढा, दुसऱ्याला माहितीचं पुस्तक. आठ वर्षांनी व्यायामवाल्यांपैकी ९० टक्के जिवंत, दुसऱ्या गटात ८३ टक्के. हाडं-स्नायूंचा त्रास मात्र व्यायामवाल्यांत जास्त झाला, म्हणून डॉक्टरांना विचारूनच सुरुवात करा. आई आता चालते, आधी गेटपर्यंत, मग कोपऱ्यापर्यंत, आता चाळीस मिनिटं.

बातमी खरी की फुगवलेली हे पटकन कसं ओळखायचं?

मी चार गोष्टी बघते, उंदरांवर झालंय की माणसांवर, किती जणांवर, कशाशी तुलना केली, आणि माणसं जास्त जगली का की नुसती गाठ लहान झाली. उंदरांवर असेल तर आनंद माना आणि पुढे जा, तुमच्या पेशंटसाठी अजून काही नाही.

डॉक्टर ट्रायलमधे भाग घ्या म्हणतायत, नुसतं पाणी टोचून सोडणार नाहीत ना?

कॅन्सरच्या ट्रायलमधे जिथे चालणारे उपचार आहेत तिथे सहसा एका गटाला तेच नेहमीचे उपचार मिळतात आणि दुसऱ्याला नवीन, किंवा नेहमीच्यात नवीन मिसळून. प्लासिबो, म्हणजे औषध नसलेली नुसती गोळी किंवा इंजेक्शन असेल तर ते संमतीपत्रात लिहिलेलं असतं. ते पत्र घरी आणा, दोघांनी मिळून वाचा, न कळलेल्या ओळीखाली रेघ मारा आणि परत जाऊन विचारा. कुठल्या गटात जाणार हे चिठ्ठी टाकल्यासारखं ठरतं, डॉक्टरांच्या हातात नसतं. त्रास झाला तर खर्च कोण करणार, किती वेळा यायचं, आधीचे उपचार थांबवावे लागतील का, हे सही करण्याआधी. आणि मधेच बाहेर पडावंसं वाटलं तर कधीही पडता येतं, कारण द्यावं लागत नाही, नेहमीचे उपचार त्यामुळे बंद होत नाहीत, फक्त टीमला सांगून पडा म्हणजे औषध नीट थांबवता येतं.